अर्ध्या मैलाची भिंत

अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर कॅलिफोर्निया नावाचे एक मोठे राज्य आहे. त्या राज्यातील लॉस एंजेलिस हे शहर चित्रपटांच्या धंद्यामुळे जगभर प्रसिद्धीस आले. परंतु मुळात ते वसले एका साध्यासुध्या नदीच्या काठी. १७८१ साली ४४ माणसे तेथे राहावयास आली. त्यांच्यात स्पॅनिश, आफ्रिकी आणि मूळ अमेरिकन अशा निरनिराळ्या वंशांचे लोक होते. नदीच्या पाण्यावर त्यांनी शेती केली आणि हळूहळू गावाचे शहर झाले.

ही नदी उन्हाळ्यात रोडावे. काही ठिकाणी तर ती वाळूत नाहीशी होई. कॅलिफोर्नियाच्या ह्या भागात पाऊस पडतो तो हिवाळ्यात. डोंगरावर पाऊस कोसळला, की हीच नदी काठ सोडून शहरात शिरे. १९३८ च्या मार्च महिन्यात असाच प्रचंड पूर आला. त्यात शंभरांहून अधिक माणसे दगावली. घरे आणि पूल वाहून गेले. पुन्हा असा प्रसंग ओढवू नये, म्हणून लष्कराच्या अभियंता-दलाने नदी व तिला मिळणारे ओढे काँक्रीटने बांधून काढण्याचे काम हाती घेतले. पुराचे भय कमी झाले खरे. परंतु काठची झाडी गेली, वाळू गेली, आणि जेथे मुले पाण्यात डुंबत असत तेथे दोन उंच भिंतींमधला एक करडा कालवा तेवढा उरला. लोक त्याला नदी म्हणेनासे झाले.

लॉस एंजेलिसच्या उत्तरेकडील सॅन फर्नांडो खोऱ्यात अशीच एक उपनदी आहे. तिचे नाव तुहंगा. हे नाव तेथील मूळ रहिवाशांच्या भाषेतील असून त्याचा अर्थ ‘म्हातारीचे ठिकाण’ असा सांगतात. काँक्रीटच्या भिंती उभ्या राहिल्या, तरी नाव तेवढे जुनेच राहिले. ह्या तुहंगेच्या एका भिंतीवर आज जगातील अत्यंत लांब अशा भित्तिचित्रांपैकी एक चित्र आहे. त्याची लांबी २,७५४ फूट, म्हणजे अर्ध्या मैलाहून किंचित अधिक आहे. उंची सुमारे १३ फूट आहे. चित्राच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सावकाश चालत गेले, तर कॅलिफोर्नियाचा हजारो वर्षांचा इतिहास डोळ्यांपुढून जातो. हे चित्र कोणा एका चित्रकाराने एकट्याने काढलेले नाही. चारशेहून अधिक तरुण मुलामुलींनी ते रंगविले आहे, आणि त्यांना एकत्र आणणाऱ्या चित्रकर्तीचे नाव ज्यूडिथ बाका असे आहे.

ज्यूडिथ बाका ह्यांचा जन्म १९४६ साली लॉस एंजेलिस येथे झाला. त्यांचे आजी-आजोबा मेक्सिको देशात क्रांतीची धामधूम उसळली, तेव्हा तेथून अमेरिकेत आले होते. लहानपणी ज्यूडिथचा सांभाळ मुख्यतः आजीने केला. घरात सारे स्पॅनिश बोलत. ज्यूडिथ शाळेत जाऊ लागली, तेव्हा तिला इंग्रजी येत नव्हते आणि शाळेत स्पॅनिश बोलण्यास मनाई होती. बाईंचे बोलणे तिला कळेना, तिचे बोलणे कोणी ऐकेना. तेव्हा बाई तिला वर्गाच्या एका कोपऱ्यात बसवून रंग आणि कुंचला देत. ज्या मुलीला शाळेत बोलता येत नव्हते, ती अशा रीतीने चित्रांतून बोलावयास शिकली.

पुढे १९६९ साली त्यांनी विद्यापीठाची पदवी मिळविली. चित्रकार म्हणून नाव मिळवावयाचे, तर चित्रे प्रदर्शनगृहांत मांडावी लागतात. परंतु बाका ह्यांच्या मनात एक शंका आली. आपल्या घरातील एकही माणूस आजवर कधी प्रदर्शनगृहात गेलेला नाही. शेजारीपाजारीही जात नाहीत. मग पहारा असलेल्या भिंतींआड चित्रे ठेवून ती पाहणार कोण? तेव्हा माणसे जेथे राहतात, बसतात, उठतात, तेथेच चित्र काढावयाचे, असे त्यांनी ठरविले.

हे करून पाहण्याची संधी त्यांना १९७० साली मिळाली. शहराच्या उद्यान-खात्यातर्फे त्या मुलांना चित्रकला शिकवीत असत. पूर्व लॉस एंजेलिसमधील बागांत तरुणांच्या टोळ्यांचा त्या काळी मोठा उपद्रव होता. एका टोळीचा मुलगा दुसऱ्या टोळीच्या हद्दीत गेला, तर हाणामारी होई. बाका ह्यांनी एकमेकींशी वैर असलेल्या टोळ्यांतील सुमारे २० तरुण जमविले आणि हॉलेनबेक बागेतील वाद्यवृंदाच्या चौथऱ्यामागील भिंती रंगवावयास घेतल्या. दुसऱ्या टोळीची माणसे चालून आली तर आधी कळावे, म्हणून प्रथम पहारा ठेवावा लागे. चित्र होते एका आजीचे. मिठीत घेण्यासाठी तिने दोन्ही हात पसरलेले होते. ज्या मुलांना एकमेकांचे तोंड पाहवत नव्हते, त्या साऱ्यांना घरी अशी एक आजी होती. चित्र पुरे झाल्यावर कित्येक वर्षे लोक तिच्यापुढे फुले ठेवीत आणि मेणबत्त्या लावीत. चित्र लोकांचे झाले म्हणजे काय होते, हे बाका ह्यांना त्या भिंतीने शिकविले.

१९७४ साली लष्कराच्या अभियंता-दलाकडून त्यांना विचारणा झाली. तुहंगेच्या कालव्यालगत एक छोटी बाग आणि सायकलींसाठी रस्ता करावयाचा होता. त्या भागाला काही शोभा आणता येईल काय? बाका ह्यांनी कालवा पाहिला. उंच, कोऱ्या भिंती दूरवर गेलेल्या होत्या. जमिनीवर जखमेचा लांब व्रण उमटावा, तसा तो कालवा त्यांना दिसला. नदीबरोबर तिच्या काठच्या माणसांच्या आठवणीही झाकल्या गेल्या होत्या. तेव्हा नुसती वेलबुट्टी काढण्यापेक्षा ह्या भिंतीवर ह्या भूमीचाच इतिहास का काढू नये, असे त्यांच्या मनात आले.

परंतु इतिहास कोणाचा? शाळेच्या पुस्तकांत राज्यपाल, सेनापती आणि श्रीमंत व्यापारी ह्यांच्या हकीकती होत्या. ज्यांनी रुळ टाकले, फळबागांत मजुरी केली, कारखान्यांत घाम गाळला, त्यांची नावे तेथे क्वचितच आढळत. त्यांचा इतिहास पुसून टाकल्याचे एक उदाहरण तर शहराच्या मध्यभागीच होते. १९३२ साली मेक्सिकोचा विख्यात भित्तिचित्रकार सिकेरोस लॉस एंजेलिसला आला होता. एका इमारतीच्या भिंतीवर उष्ण प्रदेशातील सुंदर देखावा काढण्याचे काम त्याला देण्यात आले. फळाफुलांनी बहरलेले रान त्याच्याकडून अपेक्षित होते. त्याने क्रुसावर बांधलेला एक आदिवासी माणूस काढला. मालकांना ते रुचले नाही, आणि थोड्याच वर्षांत त्या साऱ्या चित्रावर चुन्याचा हात फिरला. पुढे तीसेक वर्षांनी चुन्याचे पोपडे निघू लागले, तेव्हा खालचा माणूस पुन्हा अंधुकपणे दिसू लागला. शेवटी २०१२ साली हे चित्र लोकांना पाहण्यासाठी खुले झाले. ह्याच सिकेरोसच्या मेक्सिकोतील कार्यशाळेत जाऊन १९७७ साली बाका ह्यांनी भित्तिचित्रांचे तंत्र अभ्यासिले.

तुहंगेच्या भिंतीवरील कामास १९७६ च्या उन्हाळ्यात सुरुवात झाली. त्याच वर्षी बाका ह्यांनी दोघी मैत्रिणींच्या साहाय्याने लोककलेसाठी एक संस्था स्थापन केली. पुढे ह्या संस्थेने समुद्राजवळच्या व्हेनिस वस्तीतील जुन्या पोलीस ठाण्याच्या इमारतीत आपले बिऱ्हाड थाटले. जेथे एके काळी आरोपींना कोंडून ठेवीत, तेथे चित्रांचे आराखडे तयार होऊ लागले. पहिल्या उन्हाळ्यात ८० मुले, १० कलावंत आणि ५ इतिहासकार कामावर होते. ही मुले लहानमोठ्या गुन्ह्यांपायी पोलिसांच्या आणि न्यायालयाच्या नजरेखाली आलेली होती. कोणी मेक्सिकन वंशाचा, कोणी आफ्रिकी वंशाचा, कोणी गोरा, कोणी आशियातून आलेल्या कुटुंबातील. ह्यांतील पुष्कळांनी दुसऱ्या वंशाच्या मुलाशी पूर्वी कधी धडपणे बोलणेही केलेले नव्हते.

कामाची रीत अशी होती. प्रथम त्या त्या काळाचा अभ्यास करावयाचा. इतिहासकार येऊन माहिती सांगत. शिवाय ज्यांनी ते दिवस प्रत्यक्ष पाहिले, अशा वृद्धांना बोलावून त्यांच्या आठवणी ऐकावयाच्या. मग कोणती घटना चित्रात घ्यावी, ह्याविषयी चर्चा होई. त्यावरून कलावंत लहान आकाराचे रेखाचित्र तयार करीत. हे हातभर चित्र १३ फूट उंच भिंतीवर न्यावयाचे कसे? त्यासाठी रेखाचित्रावर उभ्याआडव्या रेघा मारून चौकटी पाडीत. तेवढ्याच, परंतु मोठ्या चौकटी भिंतीवर आखीत. मग एकेका लहान चौकटीतील रेघ पाहून ती मोठ्या चौकटीत उतरवून घेत. अशा रीतीने ज्याने पूर्वी कधी कुंचला हाती धरलेला नाही, त्यालाही मोठ्या चित्राचा आपला वाटा बिनचूक काढता येई. भिंत घासूनपुसून स्वच्छ करणे, तिला अस्तर देणे, रंग कालविणे, पराती बांधणे ही कामेही मुलेच करीत, आणि त्यांना त्याचा मोबदला मिळे.

हे सारे काम कालव्याच्या तळाशी उभे राहून करावे लागे. हिवाळ्यात तेथे पुराचे पाणी असे. म्हणून उन्हाळ्याचे दिवस तेवढे हाती लागत. खाली काँक्रीट, बाजूंना काँक्रीट, आणि डोक्यावर ऊन. सारा कालवा भट्टीसारखा तापे. मुलांमध्ये तंटेही होत. तथापि एकाच चेहऱ्याचा एक गाल एकाने आणि दुसरा गाल दुसऱ्याने रंगवावयाचा म्हटल्यावर रंग कोणता घ्यावयाचा, ह्यासाठी तरी दोघांना बोलणे भागच पडे. पहिल्या उन्हाळ्यात १,००० फूट भिंत रंगवून झाली. पुढे १९७८, १९८०, १९८१ आणि १९८३ ह्या सालांच्या उन्हाळ्यांत उरलेला भाग पुरा झाला.

ह्या चित्राचा आरंभ प्राचीन काळातील अजस्र प्राण्यांपासून होतो. त्यानंतर चुमाश आणि इतर मूळ रहिवासी येतात, स्पॅनिश धर्मप्रचारक येतात, सोन्याच्या शोधात निघालेले लोक येतात. डोंगर फोडून लोहमार्ग टाकणारे चिनी मजूर दिसतात. आणि १८७१ साली लॉस एंजेलिसमध्ये जमावाने चिनी लोकांची जी हत्या केली, तीही दिसते. १९३० नंतरच्या मंदीच्या काळात काम नाही म्हणून मेक्सिकन वंशाच्या लक्षावधी लोकांना मेक्सिकोत पाठवून देण्यात आले. त्यांतील पुष्कळजण अमेरिकेतच जन्मलेले, तेथीलच नागरिक होते. भिंतीवर तेही दिसतात.

दुसऱ्या महायुद्धाचा भाग येतो, तेव्हा पाहणाऱ्याची पावले मंदावतात. जपानशी युद्ध सुरू होताच १९४२ साली अमेरिकेतील जपानी वंशाच्या सुमारे १,२०,००० लोकांना घरेदारे सोडून तारांच्या कुंपणाआडच्या छावण्यांत जावे लागले. त्यांनी कोणताही गुन्हा केलेला नव्हता. दोन-तृतीयांश लोक तर जन्माने अमेरिकन नागरिक होते. ह्या अन्यायाबद्दल सरकारने त्यांची क्षमा मागितली ती १९८८ साली. तुहंगेच्या मुलांनी ही हकीकत भिंतीवर आणली, त्यालाही तेव्हा काही वर्षे होऊन गेली होती.

आणखी पुढे एक विलक्षण चित्र आहे. मोठमोठे रस्ते सापांसारखे वळसे घालीत येतात आणि एका कुटुंबाची ताटातूट करतात. आकाशातून एक क्रीडांगण परग्रहावरच्या यानासारखे खाली उतरत आहे. ह्याचा अर्थ तेथील लोकांना सांगावा लागत नाही. चावेझ रव्हीन ह्या टेकडीवरच्या वस्तीत मेक्सिकन वंशाची अनेक कुटुंबे राहत होती. १९५० नंतर त्यांना तेथून उठविण्यात आले. प्रथम सांगितले गेले, की त्या जागी गरिबांसाठी घरे बांधावयाची आहेत. ती घरे कधीच बांधली गेली नाहीत. १९६२ साली तेथे चेंडूफळीसारख्या बेसबॉल ह्या खेळाचे भव्य क्रीडांगण उघडले. ज्या जागी आपले अंगण होते, त्या जागेची खूण जमिनीवर उरली नाही, म्हणून ती भिंतीवर ठेवावी लागली.

भिंतीवर सारे दुःखच आहे असे मात्र नाही. रक्त साठवून ठेवण्याच्या शास्त्रात मोलाची भर घालणारे आफ्रिकी वंशाचे डॉक्टर चार्ल्स ड्रू तेथे आहेत. समान हक्कांच्या चळवळीतील रोझा पार्क्स आणि मार्टिन ल्यूथर किंग आहेत. अखेरीस ऑलिंपिकमध्ये पराक्रम गाजविणारे निरनिराळ्या वंशांचे खेळाडू आहेत. लहानपणी पायाच्या दुखण्याने अधू झालेली आणि पुढे १९६० साली धावण्याच्या शर्यतींत तीन सुवर्णपदके मिळविणारी विल्मा रुडॉल्फ त्यांच्यातच आहे.

बाका ह्यांनी ह्या भिंतीवरच समाधान मानले नाही. काळ बदलला तशी त्यांनी साधनेही बदलली. १९९६ साली कॅलिफोर्निया विद्यापीठात त्यांनी संगणकाच्या साहाय्याने भित्तिचित्रे तयार करण्याची प्रयोगशाळा सुरू केली. जुनी छायाचित्रे, लोकांनी सांगितलेल्या हकीकती आणि हाताने काढलेली चित्रे ह्यांची तेथे एकत्र जुळणी होऊ लागली. २००० साली कोलोरॅडो राज्यातील डेन्व्हर विमानतळावर त्यांनी ह्या पद्धतीने एक मोठे चित्र उभारले. त्याच्या स्पॅनिश नावाचा अर्थ ‘आमच्या भूमीची स्मृती’ असा आहे. मेक्सिकोतून निघालेले त्यांचे आजी-आजोबा ह्याच राज्यात येऊन पोचले होते. पुढे २००८ साली सॅन होझे येथील विद्यापीठात त्यांनी शेतमजुरांचे नेते सीझर चावेझ ह्यांच्या स्मरणार्थ एक कमान उभारली. अहिंसेच्या मार्गाने लढणाऱ्या ह्या नेत्याच्या कमानीवर महात्मा गांधींचेही चित्र आहे.

तुहंगेच्या भिंतीने मात्र पुष्कळ सोसले. ऊन, धूर आणि पुराचे पाणी ह्यांनी रंग फिके पडले, पोपडे सुटले. २०११ साली चित्राची दुरुस्ती होऊन रंग पुन्हा उजळले. २०१७ साली ह्या भिंतीची राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळांच्या सूचीत नोंद झाली. तिची लांबी वाढवून १९६० नंतरचा इतिहास चितारण्यासाठी २०२१ साली ५० लक्ष डॉलरांचे साहाय्य मिळाले. ह्या नव्या भागांपैकी काही भाग २०२३ आणि २०२४ ह्या सालांत लॉस एंजेलिसच्या कला-संग्रहालयात लोकांच्या डोळ्यांदेखत रंगविण्यात आले. ज्यांच्या घरचे कोणी कधी प्रदर्शनगृहात गेले नव्हते, त्या बाका आपल्या साथीदारांसह संग्रहालयात उभ्या राहून भिंत रंगवीत होत्या. त्यांना अमेरिकेचे राष्ट्रीय कलापदकही मिळाले आहे.

एखाद्या जागेची आठवण पुष्कळ माणसांत विखुरलेली असते. एकाला पूर आठवतो, दुसऱ्याला पाडलेले घर आठवते, तिसऱ्याने आपल्या आजीकडून काही ऐकलेले असते. हे सारे कोणी विचारले नाही, तर माणसांबरोबर नाहीसे होते. तुहंगेच्या काठी मुलांनी ते विचारले, ऐकले आणि एकत्र मांडले. दुसऱ्याच्या आजोबांची हकीकत रंगविता रंगविता तो दुसरा मुलगा त्यांना परका राहिला नाही.

तुहंगा नदी अजूनही काँक्रीटमध्येच आहे. उन्हाळ्यात कालवा जवळजवळ कोरडा असतो. हिवाळ्यात डोंगरावर पाऊस पडला, की भिंतीच्या पायथ्याशी पाणी वाहू लागते. तेव्हा काठच्या वाटेवरून जाणारी मुले कठड्याशी थांबतात, आणि वाहत्या पाण्यावर ती सारी माणसे उभी असलेली त्यांना दिसतात.

स्वाध्याय

१. लॉस एंजेलिसची नदी काँक्रीटने का बांधण्यात आली? त्यामुळे काय साधले आणि काय गमावले?
२. लहानपणी ज्यूडिथ चित्रकलेकडे कशी वळली, ते सांगा.
३. लहान रेखाचित्र मोठ्या भिंतीवर कसे उतरवितात, ते आपल्या शब्दांत लिहा.
४. सिकेरोसच्या चित्राचे काय झाले? त्याचा तुहंगेच्या भिंतीशी काय संबंध आहे?
५. आपल्या गावातील एखादी जुनी विहीर, वेस, पार किंवा पेठ निवडा. तिच्याविषयी घरातील व शेजारच्या वृद्ध माणसांना विचारून त्यांच्या आठवणी लिहून काढा आणि वर्गात एकत्र वाचा.